तुडुमाचा खांब

"इथी शेवटचा शब्द कोनाचा?"

कोणत्याही कचेरीत शिरला की तो आधी हे विचारी. नमस्कार त्यानंतर. उजवा हात पाची बोटं फाकवून टेबलावर ठेवायचा आणि समोरच्या माणसाच्या तोंडाकडे बघत उभा राहायचा. तळहातावर जाळ्याच्या दोरीचे वळ, नखांत तलावाचा काळा गाळ. समोरचा बाबू त्या हाताखालचे कागद ओढून घ्यायच्या गडबडीत असे, कारण कागदांना मासळीचा वास लागे. पण उत्तर मिळेपर्यंत तो हात उचलत नसे. "माह्या कामाचं तुमच्या मनात असन ते असन," तो म्हणे, "पन हो का नाई म्हनाचा हक तुमाले आहे का, तेवढं सांगा. नसन तं मी पुढं जातो. भाकर बांधून आनली आहे."

सरकारी कचेऱ्यांत उभं राहून ज्यांनी पाय दुखवून घेतले आहेत, त्यांना या प्रश्नाची किंमत सांगायला नको. मी तर टेबलाच्या पलीकडे बसत होतो. चांदा जिल्ह्यातल्या एका तहसिलीच्या जनपद सभेत मी कारकून होतो. जनपद सभा म्हणजे तालुक्याचं स्वतःचं सरकार, असं आम्हाला नोकरीला लागताना सांगितलं होतं. शाळा, दवाखाना, गावरस्ते, कोंडवाडे असं बरंच काही तिच्या नावावर होतं. पैसा वरून यायचा, हुकूम वरून यायचा आणि शिव्या तेवढ्या खालून यायच्या. त्या खायला आम्ही नेमलेले होतो.

तो जवळच्या एका धानाच्या गावचा सरपंच होता. जातीनं ढिवर, म्हणजे पिढ्यान्‌पिढ्या तलावात आणि नदीत मासे धरणारा. मालगुजारी, म्हणजे आमच्याकडची जमीनदारी, गेली, ग्रामपंचायत आली, तेव्हा गावानं त्याला पुढं केलं ते त्याच्या पाठीकडे बघून. तरणा असताना मालगुजाराच्या तोंडावर एकदा 'नाई' म्हणाला होता, त्याचे वण अजून पाठीवर होते. गावात 'नाई' म्हटलेला दुसरा माणूस नव्हता. एवढ्या एका गुणावर माणूस निवडून येऊ शकतो हे बघून मला त्या काळी फार बरं वाटलं होतं.

सरपंचपणाची त्याला हौसही दांडगी. कोण्या रेल्वेबाबूचा जुना काळा कोट त्यानं चांद्याच्या बाजारातून आणला होता. गुडघ्यापर्यंत धोतर, वर तो कोट आणि पाय अनवाणी. कोट फक्त कचेरीत यायच्या दिवशी घालायचा. "हा माहा नाई, सरपंचाचा होय," असं सांगायचा. त्या कोटात तो एखाद्या लग्नात वाजंत्र्यांच्या मागं चुकून उभ्या राहिलेल्या पाहुण्यासारखा दिसे. आमच्या कचेरीत हसायचे लोक. मीही हसलो असेन.

ग्रामपंचायतीला त्या काळी हक्क तरी काय होते? खरा, हाती धरता येईल असा एकच. मोकाट जनावर कोंडवाड्यात घालायचा. तेवढा एक त्यानं असा वापरला की गाव टेकीस आलं. पोलीसपाटलाचा बैल कोंडला. पुजाऱ्याची गाय कोंडली. सख्ख्या बहिणीच्या बकऱ्या तलावाच्या पाळीवरची झुडपं खाताना दिसल्या, त्याही नेऊन कोंडल्या. ती दारात येऊन रडली, भावाच्या नावानं बोटं मोडली. हा आत बसून जाळं विणत राहिला. मी विचारलं, भाऊ, बहिणीच्या तरी सोडायच्या होत्या. तर म्हणाला, "सरकारनं एकच हक देल्ला ना जी. तो बी बहिनीपाई सोडू का?"

आता तलावाचं सांगतो, कारण हा माणूस तलावाशिवाय सांगताच येत नाही.

आमच्या झाडीपट्टीत गावागावाला तलाव आहेत. मालगुजारांच्या काळी गावानं खपून बांधलेले. एका बाजूला मातीची लांब पाळ, पाळीखाली धानाच्या बांध्या, म्हणजे खाचरं. पाळीच्या आतल्या अंगाला पाण्यात दगडाचं तुडुम असतं. तुडुम म्हणजे तलावातलं पाणी शेतात सोडायची वाट. दगडांत एकाखाली एक भोकं, भोकांना लाकडी गुडद्या, आणि सगळ्याला धरून ठेवणारा मधला एक लाकडी खांब. गुडदी काढली की पाणी चालू, ठोकली की बंद. खांब सडला की तुडुम कलतं, गुडद्या बसेनाशा होतात आणि पाणी रात्रंदिवस वाहून जातं. दिवाळीपर्यंत तलावाचा चिखल होतो, ऐन दाणा भरायच्या वेळी धान वाळतं आणि मासळीही जाते.

पाळीची देखभाल हे गावाचं काम होतं. मृगाच्या आधी एक दिवस घरटी एक माणूस टोपलं घेऊन येई आणि पाळीवर माती टाकी. ज्या घरचं माणूस आलं नाही, त्या घरानं उन्हाळ्यात गावाच्या मासेमारीला यायचं नाही. बस, एवढा कायदा. कोणी लिहिला नव्हता आणि कोणी मोडलाही नव्हता. तुडुमाला लाकूड लागलं तर तलावाच्या पलीकडच्या गावरानातून, म्हणजे गावाच्या सामाईक रानातून तोडायचं, मालगुजाराला सांगून.

एकावन्न साली मालगुजारी गेली आणि तलाव सरकारचा झाला. गावरानही सरकारचं झालं. त्या दिवशी गावात पेढे वाटले होते. सरकार म्हणजे नेमकं कोण, हे विचारायचं कोणालाच सुचलं नाही. ते सुचलं तीन वर्षांनी, तुडुमाचा खांब सडला तेव्हा.

तो पहिल्यांदा माझ्या टेबलावर हात ठेवून उभा राहिला तो याच कामासाठी. मी फाइली चाळल्या आणि सांगितलं, तलाव आमच्याकडे नाही, महसुलाकडे आहे. तो महसुलात गेला. ते म्हणाले, तलावाची जमीन आमच्या नावावर आहे, दुरुस्ती आमची नाही, ती पाटबंधाऱ्याची. पाटबंधाऱ्याचा साहेब म्हणाला, एवढे लहान तलाव आम्ही घेतलेले नाहीत, ते स्थानिक संस्थांचे, जनपदात जा. तो परत माझ्यासमोर उभा. मी वरच्या साहेबांना विचारलं. ते म्हणाले, आपल्याकडे तरतूद नाही. ही वाक्यं मी इतक्या शांतपणे लिहितोय याचं मलाच नवल वाटतं. या एका फेरीत गावचं एक पीक गेलं होतं. पाळीखालच्या बांध्यांत धान उभ्या उभ्या वाळून गवत झालं आणि बायका ते बैलांसाठी कापत होत्या, हे मी डोळ्यांनी पाहिलेलं आहे.

दुसऱ्या फेरीला जाताना त्यानं एक युक्ती केली. पळसाच्या पानांत एक भला मोठा बोट्या मासा बांधला आणि महसुलाच्या साहेबांच्या टेबलावर नेऊन उघडला. मासा अजून हलत होता. साहेब पक्के शाकाहारी. खुर्चीसकट मागं सरकले. लाच देतोस काय म्हणून ओरडले. "लाच नोहे जी, नमुना होय," हा म्हणाला. "तुमी तलाव पाह्यला नाई, मनून तलावातलं थोडं आनलं. पाहा अन् सांगा, हे तुमचं होय का नोहे?" शिपायानं त्याला बाहेर काढलं. मासा बाहेरच्या वडाखाली त्या शिपायाच्याच डब्यात गेला. पुढं महिनाभर तहसिलीत त्या गोष्टीवर हसणं चाललं होतं. तो मात्र हसला नाही. मी ओट्यावर त्याच्याजवळ जाऊन बसलो तेव्हा म्हणाला, "मालगुजार मारे जी, पन घरी सापडे."

मालगुजाराचे वण पाठीवर घेऊन फिरणारा माणूस हे म्हणत होता. स्वराज्याला दहा वर्षंही झाली नव्हती. कोणाला मान खाली घालावीशी वाटली असेल तर तसं कुठं दिसलं नाही.

मग ब्लॉक, म्हणजे विकास गट, आला. दिल्लीची योजना, दिल्लीचा पैसा, हिरवी जीप आणि जीपमध्ये एक तरुण साहेब. माणूस वाईट नव्हता. राज्यशास्त्र शिकलेला होता, आणि शिकलेलं कोणाला तरी सांगायला मिळावं म्हणून तळमळत होता. सरपंचाचं ऐकून तो खूश झाला. म्हणाला, तुम्हाला तलावच देतो, नवा. जागा दाखवा.

"नवा कायले? जुना आहे ना," सरपंच म्हणाला. "खांब पाह्यजे एक."

"दुरुस्तीला आमच्याकडे पैसा नाही. नव्या कामालाच आहे."

"मंग जुना फोडू का?"

साहेबाला वाटलं, हा थट्टा करतोय. तो थट्टा करत नव्हता. पाळ फोडली तर दिल्ली नवी बांधून देईल का, हे त्याला खरंच जाणून घ्यायचं होतं, आणि उत्तर 'हो' आलं असतं तर त्यानं ती फोडलीही असती. साहेबानं एक कागद उलटा केला, त्यावर तीन चौकोन काढले आणि समजावू लागला. देशाच्या घटनेत कामं वाटून दिलेली आहेत. ही यादी दिल्लीची. सैन्य, रेल्वे, टपाल. ही राज्याची. पाणी, शेती, जंगल, पोलीस. आणि ही दोघांची मिळून. किती स्पष्ट आहे बघा.

सरपंचानं त्या तिन्ही चौकोनांवरून बोट फिरवलं. कागदाची खाली उरलेली जागा बोटानं चाचपली.

"अन् गावाची कोनती?"

"गावाची वेगळी यादी नाही. राज्य आपल्या अधिकारातून गावाला देतं."

"म्हंजे बकऱ्या," सरपंच म्हणाला.

साहेबाला कळलं नाही. मी सांगितलंही नाही. पण ते तीन चौकोन माझ्या डोक्यातून आजवर गेलेले नाहीत. एवढा मोठा देश, एवढे विद्वान बसलेले, सगळं वाटून झालं, आणि ज्या गावात माणूस राहतो, नांगरतो, मरतो, त्याच्यासाठी कागद उरला नाही. कोणी म्हणेल, कारकुनानं घटनेबद्दल बोलू नये. का बोलू नये? माझ्या टेबलावर ठेवलेला तो हात उचलायला मीच सांगायचो ना रोज?

दुसरं पीक गेलं. छप्पनच्या पावसाळ्यानंतर त्याला कोणी तरी सांगितलं की शेवटचा शब्द नागपूरला सचिवालयात असतो. जनपदाच्या कामानं मला तिकडं जायचं होतंच, म्हणून आम्ही बरोबर गेलो. गाडीत तो कोट घडी करून मांडीवर घेऊन बसला होता. चुरगळू नये म्हणून. नागपूरला उतरल्यावर घातला.

सचिवालयात गेलो तर व्हरांड्यातून पेट्या चाललेल्या. हमाल फाइलींचे गठ्ठे बांधत होते, कपाटं रिकामी, खुर्च्यांवर खुर्च्या रचलेल्या. आमचं राज्य मोडलं होतं. आम्ही मध्य प्रदेशातून निघून मुंबई राज्यात जात होतो. हे आम्हाला माहीत नव्हतं असं नाही, वर्तमानपत्रांत महिनोन्‌महिने तेच चाललेलं. पण राज्य जातं म्हणजे तलावाचा कागदही जातो, हे माझ्याही लक्षात आलं नव्हतं. एका खोलीत एक म्हातारे कारकून सापडले. सरपंचानं हात टेबलावर ठेवला आणि आपला प्रश्न विचारला. म्हाताऱ्यानं त्याच्याकडे जरा मायेनंच पाहिलं. म्हणाले, "बाबा, कालपर्यंत इथंच होता. आता मुंबईला विचारा."

"मुंबईले आमचा तलाव मालूम आहे का?"

"होईल हळूहळू."

बाहेर येऊन त्यानं कोट काढला, नीट घडी केला आणि काखेत मारला. स्टेशनावर भाकर सोडली, अर्धी मला दिली. म्हणाला, "बाबूजी, ग्रामपंचायत सरकारच होय ना?" मी म्हटलं, हो, कायद्यानं तसंच आहे. "मंग आमी कोनाले विचारून राह्यलो?" गाडी आली आणि बोलणं तिथंच राहिलं. तो काय ठरवून बसला होता हे मला उन्हाळ्यात कळलं.

उन्हाळ्यात त्यानं ग्रामपंचायतीची सभा घेतली. ठराव केला की तलावापलीकडच्या गावरानातलं एक जांभळीचं झाड तुडुमाच्या खांबासाठी तोडावं, कारण जांभळीचं लाकूड पाण्यात टिकतं. पंचांचे अंगठे घेतले. इथवर ठीक होतं. पुढं त्यानं जे केलं ते फक्त त्याच गावचे लोक करू जाणोत. कोतवालाला सांगून दवंडी पिटवली. घरटी एक माणूस बोलावला. आणि जंगलखात्याच्या नाकेदाराला, म्हणजे त्या भागाच्या वनरक्षकाला, पानसुपारी देऊन जेवायचं आमंत्रण धाडलं. मालगुजाराच्या वेळी मालगुजाराचा माणूस हजर असायचा, तसा आता सरकारचा असावा, एवढाच त्याचा हिशोब. सरकारच्या कामाला सरकारचा माणूस साक्षीला.

नाकेदार आला. झाड पडताना पाहिलं. पंगतीत बसून भात आणि मासळीचा रस्सा जेवला. हात धुतले आणि काही न बोलता गेला. दुसऱ्या दिवशी सरपंचावर गुन्हा दाखल झाला.

तीन वर्षांत तलाव कोणाचा हे एकाही कचेरीला सांगता आलं नव्हतं. झाड कोणाचं हे एका रात्रीत ठरलं.

मुंबईला नाही, दिल्लीला नाही, कुठं विचारावंही लागलं नाही. त्या गावरानाचं राखीव जंगल कधी झालं, गावाला कोणी कळवलं, हे आजही मला कोणी दाखवलेलं नाही. पण ठराव होता, अंगठे होते, दवंडी ऐकलेला सगळा गाव होता. पुरावा शोधायला कोणाला जावंच लागलं नाही, आरोपीनंच तो ताटात वाढून दिला होता. सरकारी माणसं आपसांत हसत होती. मी त्यांना काय म्हणालो ते इथं लिहिण्यासारखं नाही.

गुन्ह्याचे कागद फिरत राहिले, तोवर पाऊस पडून गेला. नवा खांब भक्कम बसला होता. तलाव काठोकाठ भरला. इतकं पाणी गावानं कितीतरी वर्षांत पाहिलं नव्हतं. आश्विन लागला, धान पोटरीत आलं, आणि वरून हुकूम आला की मुद्देमाल जप्त करून तारखेला हजर करावा. मुद्देमाल म्हणजे तो खांब. तो भरलेल्या तलावात तुडुमाच्या मधोमध उभा होता.

नाकेदार जप्तीला आला. पाण्यात खांबापर्यंत जायला डोंगा लागणार, आणि गावातला कोणी त्याला डोंग्यात घेईना. त्याला पोहता येत नव्हतं. शेवटी सरपंचानंच आपला डोंगा काढला, त्याला पुढं बसवलं आणि स्वतः वल्हवत खांबापाशी नेलं. सगळा गाव पाळीवर उभा होता. मीही होतो. परत येताना डोंगा हलला तसा नाकेदारानं याचा खांदा धरला. उतरल्यावर मान वर न करता म्हणाला, "भाऊ, माही नवकरी आहे."

"आहे ना बाप्पा," सरपंच म्हणाला. "तुही बी आहे. पाय कोरडे कर, थंडी वाजन."

खांब काढायला आठवडाभरात माणसं येणार होती. मी त्याला तहसिलीच्या एका वकिलाकडे नेलं. वकील हुशार होता. म्हणाला, लढलो तर सुटाल. गावरानाच्या कागदांचा घोळ आहे, ठराव आहे, चोरीचा हेतू नाही. पण खटला चालेल, आणि तोवर मुद्देमाल कोर्टापुढं आणावाच लागेल. दुसरी वाट म्हणजे पहिल्याच तारखेला गुन्हा कबूल करा. लाकडाची किंमत भरून दिली तर लाकूड जागेवर राहू देतील, मी बोलतो. पण मग शिक्षा झालेला माणूस म्हणून सरपंचपद जाईल. परत उभंही राहता येणार नाही.

मी म्हटलं, लढा. मला राग आलेला होता. तो माणूस चोर ठरू नये, एवढंच मला दिसत होतं. मी खूप बोललो, हक्क, न्याय, हायकोर्ट. त्यानं सगळं ऐकून घेतलं.

"धान पोटरीत आहे जी," तो म्हणाला. "आता खांब काढला तं सारं फोल जाते. सुटून मी काय खाऊ, अन् गाव काय खाईन?"

"आणि सरपंचपद?"

त्यानं कोटाच्या बाहीवरचा धागा ओढून तोडला. त्याला ते पद फार हवं होतं, हे मला ठाऊक होतं. त्याच्या जातीच्या माणसाला गावानं दिलेली ती पहिली खुर्ची होती. डोळे भरून आले होते, पण ते पुसायला हात वर नेला नाही.

"कबूल कराचं," तो म्हणाला.

कोर्टात तो कोट घालूनच आला. मॅजिस्ट्रेट साहेबांनी विचारलं, झाड तोडलं का? हो जी. ते सरकारचं होतं हे मान्य आहे का? मान्य. सरपंच असून कायदा माहीत नव्हता?

"नवता मालूम. कोनाले मालूम आहे ते इचारत फिरलो तीन वर्सं."

"गुन्हा कबूल आहे?"

"कबूल आहे जी." आणि साहेब लिहू लागले तसा तो पुढं म्हणाला, "झाड सरकारचं हे तुमी लिहून घेतलं. मंग तलाव कोनाचा, ते बी त्याच कागदावर लिहून द्या."

साहेबांनी मान वर केली. "तो प्रश्न या कोर्टासमोर नाही," ते म्हणाले.

मी मागच्या बाकावर होतो. त्या वाक्यात बेकायदा काही नव्हतं. तसं तर या सगळ्या प्रकरणात कुठंच काही बेकायदा नव्हतं. प्रत्येकानं आपल्या कागदापुरतं बरोबर केलं होतं, महसुलानं, पाटबंधाऱ्यानं, ब्लॉकनं, नागपूरनं, आणि आम्हीही. बेकायदा वागला असा एकच माणूस निघाला, ज्यानं खांब बसवला.

खांब जागेवर राहिला. धान पिकलं, आणि चांगलं पिकलं. सरपंचाला काढल्याचा हुकूम दिवाळीच्या आधीच आला, आमच्याच कचेरीतून गेला. त्या हुकमावर कोणाची सही लागते याबद्दल कोणाचा घोळ झाला नाही. गावात दुसरा सरपंच झाला, मालगुजाराचा पुतण्या. बिनविरोध.

त्यानंतर तो कचेरीत कधी आला नाही. आठवड्याच्या बाजारात भेटायचा, पाटीवर मासळी मांडून. अंगात कोट नसे. मी सवयीनं सरपंच म्हटलं की आधी इकडं तिकडं बघायचा, मग म्हणायचा, "तो तिकडं आहे जी वाड्यात. मी ढिवर." माझ्या घरच्यांची चौकशी करायचा. तलावाचं मी विचारलं तरच बोलायचा. पुढल्या मृगाला पाळीवर माती टाकायला नवा सरपंच आला नाही, पण हा टोपलं घेऊन सगळ्यांच्या आधी गेला होता, असं मला गावच्या कोतवालानं सांगितलं.

मग माझी बदली झाली. त्याला ताप आला आणि तो गेला, हे मला फार उशिरा कळलं. काही निमित्त काढून मी त्या गावी गेलो तो उन्हाळा होता. तलाव अर्धा आटलेला. तुडुमापाशी गुडघाभर पाणी उरलं होतं आणि त्याची बायको तिथं कपडे धूत होती. मी खाली उतरलो. खांब उघडा पडला होता. काळाभोर, चीरसुद्धा गेलेली नव्हती. माझ्या डोक्याएवढ्या उंचीवर जंगलखात्याच्या हातोड्याचा शिक्का ठोकलेला दिसला. जप्तीच्या लाकडावर ठोकतात तो. पाळीवरून कधी दिसला नव्हता. त्या तलावावर कोणत्याही सरकारनं उठवलेली ती एकच खूण होती.

मी बघतोय हे पाहून ती कपडे तसेच सोडून जवळ आली. पदरानं हात पुसले आणि हात उंच करून शिक्क्यावरून अंगठा फिरवला.

"निंगत नाई जी हे," ती म्हणाली. "दर उन्हाळ्यात राखेनं घासून पाहातो मी."